दोन वाट्या पाणी

नदी ओलांडायची नाही, हा हुकूम आला तो गुरुवारी. आमच्याकडे सरकारचं जे काही येतं ते गुरुवारीच, कारण तालुक्याची मोटार आठवड्यातून तेवढीच एकदा येते. नदी म्हणायचं आपलं. तीन-चार वर्षांतून दोन दिवस पाणी वाहतं, एरवी नुसता गोट्यांचा पट्टा. त्या पट्ट्याच्या मधोमध म्हणे सरहद्द होती. आमचे आजे-पणजे तिच्यावरून गाढवं हाकत जायचे आणि खजुराचे घड लादून यायचे, त्यांना ती कधी पायाला लागली नाही. आता पलीकडच्या सरकारला ती आठवली. महिनाअखेर बागा खाली करा, नंतर जो दिसेल त्याला गोळी. अलीकडच्या सरकारनं त्या कागदावर आपला एक शिक्का मारला आणि मुकादम द्रीसच्या हातात दिला. द्रीसनं तो मशिदीच्या भिंतीला डकवला आणि चहा प्यायला गेला.

पलीकडे बागा असलेली घरं अकरा. दहा घरांची अलीकडेही थोडीफार जमीन होती, त्यांनी चार दिवस शिव्या दिल्या आणि गप्प बसली. बूझियानचं सगळंच पलीकडे. एकशे चाळीस झाडं. अलीकडे टेकडीखाली बापजाद्यांपासून पडीक असलेला एक तुकडा होता, त्यात दगड आणि विंचू पिकायचे.

खरं सांगतो, मला आधी बरं वाटलं.

मी बलकासम. ऐन सद्रा या आमच्या गावच्या झऱ्यावर एकतीस वर्षं पाणी मोजलं. बुडाला बारीक भोक पाडलेली तांब्याची वाटी हौदात सोडायची. ती भरून बुडाली की एक वाटी पाणी झालं, म्हणजे सुमारे पाऊण तास. आमच्याकडे जमीन वेगळी आणि पाणी वेगळं. जमीन नसली तरी पाणी असतं, पाणी नसलं तरी जमीन असते, आणि दोन्ही नसलं की माणूस माझ्यासारखा दुसऱ्याच्या पाण्याची राखण करत बसतो. दर वीस दिवसांनी प्रत्येकाची पाळी येते. मी नाव पुकारायचं, वाटी सोडायची, आणि ज्याचं नाव त्यानं आपल्या पाटाचं तोंड उघडायचं.

नियम एकच, पण खडूस आहे. पाणी मुळाला लागलं पाहिजे. लागोपाठ दोन पाळ्या पाणी नुसतं मातीत गेलं तर गावची जमात, म्हणजे पंच, ते काढून घेते आणि दुसऱ्याला देते. दुसऱ्या पाळीच्या सकाळीच जमात येऊन बघते. माझ्या आईची अर्धी वाटी अशीच गेली. बाप वारला त्या वर्षीची गोष्ट. जमातीत तेव्हा बूझियान सगळ्यात तरुण होता आणि सगळ्यात जास्त बोलायचा. बाकीचे म्हातारे विधवेचं पाणी म्हणून कां-कूं करत होते, त्यानं त्यांना नियम वाचल्यासारखा सुनावला. मी एकोणीस वर्षांचा होतो. आईनं नंतर बारा वर्षं लोकांची लोकर पिंजली.

तर आजवर पाटानं नदीपलीकडे जाणारं बूझियानचं दोन वाट्या पाणी आता बिनजमिनीचं झालं होतं. त्याच्यावर नजर होती जिलालीची. जिलालीची बाग हौदाला लागून. गावात सगळ्यात मोठी आणि तरी सगळ्यात तहानलेली, कारण त्या माणसाचं पोटच मोठं.

हुकूम आल्याच्या तिसऱ्या दिवशी बूझियान माझ्या दारात आला. चौसष्ट वर्षांचा, एक गुडघा कायमचा सुजलेला, पण पागोटं अजून जमातीत बसल्यासारखं बांधायचा.

"खेचर मोकळं आहे का?"

"कुणासाठी?" मी विचारलं.

"कुणासाठी म्हणजे? मी आलोय ना."

"मोठ्यानं बोल की. पूर्वेचा वारा सुटलाय, कानात वाळू गेलीय माझ्या."

त्यानं दाताखाली काहीतरी चावलं. मग गल्लीत ऐकू जाईल असा बोलला, "माझ्यासाठी, बलकासम. झाडं काही येत नाहीत उचलून. पिलं आणतो. पडकात लावतो."

खजुराच्या बुंध्याशी पिलं फुटतात, ती काढून लावली की आईसारखंच झाड येतं. चार-पाच वर्षांनी फळ धरतं. पण मूळ आजच असतं, आणि त्याला आज मूळच हवं होतं. मी खेचर दिलं. परक्या हातात देत नाही म्हणून मीही गेलो. बघायचंही होतं, कशाला खोटं बोलू?

पिलं काढायचं काम बाईमाणसानं करायचं नसतं असं आमच्यात म्हणतात. ताऊस, बूझियानची मुलगी, तेच करत होती. तिशी उलटलेली, लग्न मोडून माहेरी आलेली, खांदे पुरुषासारखे. बाप गुडघ्यावर बसून हातानं माती उकरायचा, आई आणि पिलाच्या मधला सांधा मोकळा करायचा, आणि बोट ठेवून दाखवायचा. मग ताऊस पहार उचलायची. घाव एकच बसायला हवा. दोन घाव घातले की सांधा चिरफाळतो आणि पिलू महिन्याभरात कुजतं. पहिली दोन गेली. तिसऱ्यापासून तिचा हात बसला. तिची आई रकिया प्रत्येक पिलाचा गाभा ओल्या गोणपाटात गुंडाळायची आणि तोंडानं सारखी बडबडायची, पिलांशी की सरकारशी ते कळत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पलीकडचे तीन शिपाई आले. हवालदार जाड, घामानं भिजलेला, रायफल बगलेत.

"कुणाची झाडं?" त्यानं विचारलं.

"माझी," बूझियान म्हणाला.

"कुणाची?"

"माझी. माझ्या बापानं लावलेली. त्या कोपऱ्यातली मी—"

"म्हातारबा, कान साफ करून ऐक. कुणाची झाडं?"

ताऊसची पहार हातात तशीच होती. रकियानं तिच्या झग्याचं टोक धरून ठेवलं. वारा उलटसुलट वाहत होता आणि बूझियानच्या दाढीत मातीचे कण अडकले होते.

"तुमची," तो म्हणाला.

"आता कसं! पिलं घेऊन जा तेवढी. मी काही राक्षस नाही." हवालदारानं एका घडातले मागच्या सालचे चार वाळके खजूर तोडले, एक खाल्ला आणि थुंकला. "गोड नाहीत फारसे."

त्या वेळी मला गंमत वाटायला हवी होती. वाटली नाही. मी खेचराचा पट्टा उगीचच आवळत राहिलो.

सहा दिवसांत बावीस पिलं अलीकडे आली. पडकातले दगड काढायला आणखी चार दिवस. ताऊस आणि रकिया दगड वाहायच्या, बूझियान बसल्या बसल्या खड्डे खणायचा. त्यानं मांडी घातली की उठायला दोघींना हात द्यावा लागायचा. घरून पिण्याच्या पाण्याचे डबे आणून पिलांच्या बुडात ओतले. जिलाली रोज एकदा बांधावर यायचा, हात मागे बांधून उभा राहायचा.

"छान," म्हणायचा. "मेहनत छान आहे. जागा जरा चुकली."

त्या गुरुवारी जिलाली तालुक्याच्या मोटारीतून गेला आणि संध्याकाळी परत आला. पुढच्या पाळीला दोन दिवस होते. शुक्रवारी दुपारी मुकादम द्रीस पडकात कागद घेऊन हजर. मी हौदावरून उठून मागोमाग गेलो.

"बूझियानकाका, वाईट वाटून घेऊ नका," द्रीसनं सुरुवात केली. तो असं म्हणाला की समजायचं वाईट काहीतरी आहे. "परदेशी रोपं, विनापरवाना आणलेली. रोगराईचा धोका. जागेवर जाळायचीत."

"परदेशी?" बूझियान खड्ड्यातच बसला होता. "अरे, माझ्या बागेतली पिलं आहेत ती."

"बाग कुठं आहे?"

"तुला माहीत नाही? नदीपलीकडे."

"नदीपलीकडे म्हणजे?"

"म्हणजे नदीपलीकडे!"

"म्हणजे परदेश." द्रीसनं कागद घडी करून खिशात ठेवला. "मी नाही म्हणत, कागद म्हणतोय."

रकिया हातातला दगड टाकून पुढे आली. "मग ह्यांनाही जाळ. हेही तिकडेच जन्मलेत. खजूर उतरवताना सासूबाईंना कळा आल्या, झाडाखाली बाळंत झाल्या. हेही परदेशी."

"काकू, काकांवर कागद आलेला नाही," द्रीस म्हणाला, आणि तो चेष्टा करत नव्हता.

ओली पिलं जळत नाहीत. रॉकेल लागतं. द्रीसनं ते बूझियानच्याच घरून आणायला लावलं, सरकारनं दिलं नव्हतं म्हणून. ताऊसनं बावीस पिलं उपटून ढीग केला. तिनं बापाला पुढे येऊ दिलं नाही, काडी तिनंच लावली. धूर काळा, ओला, घशाला चिकटणारा. द्रीस दोनदा मोजून बावीस झाली का ते बघत होता, आणि बांधावर जिलाली पागोट्याचं टोक नाकाला लावून उभा होता.

एका दिवसात मूळ कुठून आणणार? रकिया दोन घरी पिलं मागायला गेली. एका घरात म्हणाले, आमची लहान आहेत अजून. दुसऱ्या घरात दारच उघडलं नाही, आत चहाचे पेले वाजत होते. जिलालीशी वाकडं कोण घेणार? अर्ध्या गावाची पोरं त्याच्या बागेत मजुरीला.

पाळीच्या दिवशी दुपारच्या नमाजानंतर मी बूझियानचं नाव पुकारलं, वाटी सोडली. त्यानं पाटाचं तोंड उघडलं. पाणी पडकात गेलं, राखेत शिरलं आणि दिसेनासं झालं. वाटी दोनदा बुडाली.

"एक," जिलाली म्हणाला.

दुसऱ्या सकाळी त्या ओलीवर तिघांनी सातू पेरला. वीतभर खोल राख आणि माती कालवून, हातानं, ओळी न धरता. वर झावळ्या पसरल्या, वाऱ्यानं ओल उडू नये म्हणून. पाचव्या दिवशी कोंब आले. बाराव्या दिवशी बोटभर हिरवं. मी रोज बघायला जायचो. बूझियान झावळ्या उचलून एकेक कोंब मोजल्यासारखा बघायचा आणि मला बघितलं की झावळी परत ठेवायचा.

रकिया एकदा हौदावर आली. माझ्याशी ती पस्तीस वर्षांत बोलली नव्हती, आईच्या प्रकरणापासून. नवऱ्याची बाजू तिनं घेतली होती.

"तू तर मोजणार आहेस ना बरोबर?"

"मी वाटी मोजतो, रकिया. माणसं नाही मोजत."

"तुझा हात कधी चुकत नाही म्हणतात."

"नाही चुकत," मी म्हणालो. ते खरं होतं. मला त्याचा गर्व होता, दुसरं काय होतं माझ्याकडे?

पाळीच्या आदल्या दिवशी गुरुवार होता. बुधवारी द्रीस निरोप घेऊन आला: नुकसानीचा अर्ज भरायचाय, घरातल्या सगळ्या मोठ्या माणसांचे अंगठे हवेत, उद्याच्याच मोटारीनं तालुक्याला या. ताऊस म्हणाली, मी राहते. द्रीस म्हणाला, मग अर्ज होणार नाही, मला काय. तिघं गेली. कचेरीत साहेब नव्हता. अर्जाचं नावही कुणाला माहीत नव्हतं. संध्याकाळी परत आली तेव्हा पडकातल्या झावळ्या विस्कटलेल्या होत्या आणि सातू जमिनीबरोबर कुरतडलेला होता. चहूकडे शेळ्यांच्या लेंड्या. शेळ्या अशा कुणाच्याही असतात, पण ज्याच्या शेळ्या बांधलेल्या दिसल्या नाहीत तो जिलाली होता. मी हौदावरच होतो. शेळ्या जाताना मी बघितल्या का? बघितल्या. हाकललं का? माझं काम वाटीचं.

शुक्रवारी सकाळी जमात पडकात आली. पाच म्हातारे, पुढे हाजी मख्लूफ काठी टेकत. रकिया जमिनीवर बसली आणि नखांनी माती उकरून दाखवू लागली.

"हे बघा मूळ. हे बघा, पांढरं. जिवंत आहे. खाल्लेलं वरचं आहे, खालचं आहे तसं आहे."

हाजी मख्लूफ वाकला. त्याला बघवत नव्हतं, ते स्पष्ट दिसत होतं. तो बूझियानकडे वळला.

"तूच सांग. तू जमातीत होतास. बलकासमच्या आईनं पुदिना कापून विकला होता, खाली मुळं होती. तू काय म्हणाला होतास?"

बूझियान उभा होता, एक हात ताऊसच्या खांद्यावर.

"बोल."

"हिरवं दिसलं पाहिजे," बूझियान म्हणाला.

"मग आता हिरवं कुठं दिसतंय?"

जमातीनं ठरवलं, आजच्या पाळीपासून दोन वाट्या जिलालीच्या. हाजी मख्लूफ मला म्हणाला, "बलकासम, दुपारी अहमदनंतर जिलालीचं नाव."

"बरं," मी म्हणालो.

सकाळभर मी मनात घोकत होतो. अहमद, मग जिलाली. अहमद, मग जिलाली. मोठ्यानं पुकारायचं, बूझियानला ऐकू जाईल असं. आईच्या वेळी मी हौदाच्या काठावर उभा होतो आणि दुसऱ्याचं नाव ऐकलं होतं. ते कसं वाटतं ते त्याला कळू दे. मी मुद्दाम घसा खाकरला, पाणी प्यालो.

हौदावर अर्धं गाव जमलं होतं. जिलाली स्वतः फावडं घेऊन पाटाच्या तोंडाशी, त्याची दोन माणसं बागेत दारं धरायला तयार. बूझियान का आला होता देव जाणे. तिघंही आली होती आणि पडकाच्या पाटाशी, नेहमीच्या जागी उभी होती. अहमदची वाटी बुडाली. मी ती काढली, पुसली, पाण्यावर धरली, आणि एकतीस वर्षं अहमदनंतर जे नाव माझ्या तोंडातून निघत आलं तेच निघालं.

"बूझियान!"

आणि हात सुटला. वाटी पाण्यावर होती.

मग ताऊसनं फावड्याच्या एका घावात पाटाचं तोंड फोडलं. पाणी पडकाकडे धावलं.

"ए!" जिलाली ओरडला. "काय पुकारलंस? काढ वाटी! काढ ती!"

तो हात घालायला वाकला तेव्हा हाजी मख्लूफनं काठी आडवी धरली. "वाटी सुटलीय. आता मोजणारा स्वतः चूक म्हणेल तरच निघते." तो माझ्याकडे वळला. "बलकासम, चुकलास का? चुकलास तर सांग. माणूस चुकतो. पुन्हा पुकार."

एक शब्द. हो म्हटलं की संपलं. वाटीत पाणी पाव भरलं होतं. मी समोर बघितलं. सगळं गाव माझ्या तोंडाकडे बघत होतं, आणि जिलाली हसत होता. "चुकला तो. म्हातारा झालाय. डोकं फिरलंय त्याचं. बघा, मान हलवतोय."

माझी मान हलत नव्हती.

"माझी चूक होत नाही," मी म्हणालो.

"म्हणजे मुद्दाम पुकारलंस?" हाजी मख्लूफनं विचारलं.

"मी जे पुकारलं ते पुकारलं."

"खाल्लंय ह्यानं!" जिलाली बोंबलला. "त्यांच्या घरचं खाल्लंय! खेचर फुकट दिलं होतं ह्यानं त्यांना, मी बघितलंय!" मग त्यानं माझ्या आईवरून एक शिवी दिली. मी उठलो नाही. वाटी बुडेपर्यंत मोजणाऱ्यानं उठायचं नसतं.

दुसरी वाटी बुडाल्यावर हाजी मख्लूफनं निकाल दिला. पाणी बूझियानच्या नावानं सुटलं आणि मुळाला लागलं, म्हणजे ती पाळी धरली, म्हणजे पाणी त्याचंच. "आणि तू, बलकासम, जमातीचं ऐकलं नाहीस. वाटी इथं ठेव." मी ती पुसून हौदाच्या काठावर उपडी ठेवली. आता तिथं जिलालीचा भाचा बसतो. चिडका आहे, वाटी नीट पुसत नाही.

दिवस मावळायच्या आत बूझियान दारात आला. पोटऱ्यांपर्यंत चिखल. रकियानं दिलेली सातूची भाकरी त्याच्या हातात फडक्यात होती, ती तो द्यायला विसरला.

"चुकलास ना?" त्यानं विचारलं.

मी दाराची कडी धरून उभा राहिलो.

"तुझं तोंड चुकलं. मी तुझ्याकडेच बघत होतो. नाव निघालं तेव्हा तुझा चेहरा माझ्यापेक्षा जास्त दचकला."

"मग तिथंच बोलायचं होतंस. नियमाचा माणूस ना तू?"

तो उंबऱ्याकडे बघत राहिला. चिखल वाळून त्याच्या पायांवर पांढरा पडत होता. मोजणाऱ्यानं चूक कबूल केली तर ती पाळी बाद होते, आज केली काय आणि वर्षानं केली काय. ते त्याच्याइतकं कुणाला माहीत असणार?

"बलकासम," तो म्हणाला, "हे आपल्या दोघांत राहू दे."

मी हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही. दार लावून घेतलं, भाकरी त्याच्याच हातात राहिली.

सातू पुन्हा फुटला. आता तो वीतभर आहे, आणि मधे कुणीतरी दिलेली खजुराची तीन पिलंही आहेत, अलीकडची. मला आता काम नसतं, म्हणून संध्याकाळी मी त्याच्या बांधावरून फिरून येतो. मला बघितलं की बूझियान कुदळ खाली ठेवतो, ताऊसला धरून उभा राहतो, आणि मी लांब जाईपर्यंत बसत नाही. त्याचा गुडघा थरथरतो, ते बांधावरूनही दिसतं. मला लाज वाटते. आणि तरी मी हळूहळू चालतो.